जरा सावकाश वाजवा

लुबोर शेबेस्ताच्या जिभेला हाड नव्हतं, ही गोष्ट टेकडीवरच्या स्टुडिओत झाडूवाल्या बाईपासून बड्या दिग्दर्शकांपर्यंत सगळ्यांना ठाऊक होती. चित्रपटाच्या पटकथा लिहून पोट भरणाऱ्याला ती खोड असावीही लागते. पण पडद्यावर शोभणारी खोड समितीच्या खोलीत शोभत नाही, एवढी साधी गोष्ट चाळिशी गाठलेल्या माणसाला कळू नये म्हणजे कमालच झाली.

प्रागमध्ये रशियन रणगाडे शिरले त्याला तेव्हा दीड-एक वर्ष झालं होतं. स्टुडिओतल्या प्रत्येकाला एकेक करून आत बोलावत होते. आत लांब टेबल, टेबलामागे तिघे जण, कोपऱ्यात टाईप करणारी बाई. प्रश्न एकच असायचा. ‘हो’ म्हणणारा आपल्या टेबलावर परत जाई आणि न म्हणणारा घरी. लुबोरच्या आधी क्वीडो माशेकचा नंबर लागला. क्वीडो म्हणजे त्याचा फिल्म शाळेपासूनचा बाकावरचा मित्र. तो आत गेला, ‘हो’ म्हणाला, बाहेर आला, सरळ संडासात गेला आणि ओकला. मग तोंड धुऊन, केसांवर पाणी फिरवून तो लुबोरसमोरून मान खाली घालून निघून गेला.

मग लुबोर आत गेला.

“बंधुराष्ट्रांचं सैन्य आपल्या मदतीलाच आलं, हे आपल्याला मान्य आहे?” टेबलामागच्या मधल्या गृहस्थाने विचारलं.

“साहेब, मला तीन भाऊ आहेत,” लुबोर म्हणाला. “येतात तेव्हा बेल वाजवतात.”

टाईप करणाऱ्या बाईने हसू लपवायला मान यंत्रात घातली. टेबलामागचे तिघे हसले नाहीत. संध्याकाळपर्यंत ते वाक्य शहरातल्या निम्म्या बिअरच्या गुत्त्यांत पोचलं होतं आणि लुबोर रस्त्यावर आला होता. लोक त्याला शूर म्हणाले. खरं सांगायचं तर त्यात शौर्य थोडं होतं आणि जिभेची खाज जास्त. वाक्य ओठावर आलं की त्याला ते गिळता येत नसे, बस.

घरी बायकोने, स्वातावाने, सगळं ऐकून घेतलं. ती दाताच्या दवाखान्यात नर्स होती. तोंड उघडणाऱ्या माणसांची तिला सवय होती.

“तीन भाऊ?” ती म्हणाली. “तुला तर एकही भाऊ नाही.”

“माहीत आहे. पण एका भावाने वाक्य पडतं. तीन लागतात.”

“धन्य आहे तुझी,” ती म्हणाली, आणि कपाटातून त्याचा जुना ओव्हरकोट काढून त्याच्या कोपरावर ठिगळ लावायला बसली.

आता हा लुबोर काही जन्मापासून बंडखोर नव्हता. ल्होटका नावाच्या गावातल्या शिंप्याचा तो मुलगा. तरुणपणी इतरांसारखे त्यानेही ट्रॅक्टरवर गाणी म्हणणाऱ्या मुलींचे चित्रपट लिहिले होते, आणि त्यांची आठवण काढली की तो चिडायचा. पुढे हवा जरा मोकळी झाली तेव्हा त्याने दोन बरे चित्रपट लिहिले. ते आता स्टुडिओच्या तिजोरीत कुलूपबंद झाले. पण जो चित्रपट लिहायचा म्हणून तो जगत होता, तो अजून त्याच्या डोक्यातच होता. त्याचा बाप आठवडाभर कोट शिवायचा आणि गावात कुणी मेलं की मोठी पितळी तुतारी खांद्याला अडकवून बँडमध्ये उभा राहायचा. आमच्याकडे बँडशिवाय माणूस जमिनीत जात नाही. स्मशानापर्यंत संथ मार्च, आणि मूठमाती देऊन झाली की सगळे जण गुत्त्यात. छोटा लुबोर बापाच्या मागे स्वरांचे कागद धरून चालायचा. त्या बँडचा चित्रपट करायचा आणि त्यावर शेबेस्ता हे नाव झळकवायचं, एवढंच त्याला हवं होतं. बापाचं नाव उभ्या आयुष्यात कोटाच्या आतल्या चिंधीवर सोडून कुठे लागलं नव्हतं.

पण नाव लागणार कुठून? त्या नावालाच बंदी होती. लुबोरला काम मिळालं ते लाँड्रीच्या खिडकीत. लोकांनी मळक्या चादरी आणून द्यायच्या, त्याने घ्यायच्या आणि पुढच्या आठवड्यात धुतलेल्या परत करायच्या. बायका रांगेत उभ्या राहून एकमेकींच्या चादरींवरून एकमेकींचे संसार वाचायच्या. लुबोर कान टवकारून ऐकायचा. ऐकून करायचं काय, हा प्रश्न होताच.

एके दिवशी रांगेत क्वीडो माशेक उभा. हातात चादरींचं गाठोडं.

“धुवायला?” लुबोरने विचारलं.

“चादरी निमित्ताला. तुला भेटायला आलोय.”

“भेटलास. पुढचा कोण?”

“ऐक तर. मला वर्षाला एक पटकथा द्यावीच लागते आणि डोक्यात नुसता खडखडाट आहे. तू लिही. नाव माझं घालू.”

“वा रे वा. आयत्या बिळावर नागोबा.”

“नागोबा म्हण, उंदीर म्हण,” क्वीडो हळूच म्हणाला. “बीळ तर रिकामंच पडलंय ना? मी टाईप करणारा, लिहिणारा तू. पकडले गेलो तर दोघेही जाऊ.”

अशी माणसं तेव्हा आमच्याकडे पुष्कळ होती. त्यांना आम्ही कौलं घालणारे म्हणायचो. खाली कोण राहतो ते वरून दिसू नये, एवढंच त्यांचं काम. कुणी भीड म्हणून करायचं, कुणी लोभापायी, कुणी ‘हो’ म्हटल्याच्या लाजेपायी. क्वीडो या शेवटच्या जातीचा होता, पण ते लुबोरला मान्य नव्हतं. त्याच्या लेखी क्वीडो म्हणजे उकडलेला बटाटा. पोट भरतो, चव नाही.

काम शनिवारी क्वीडोच्या गावाकडच्या घरात चालायचं. प्रत्येक टाईपरायटरची अक्षरं ओळखू येतात, म्हणून लुबोर हाताने लिहून आणायचा आणि वाचून दाखवायचा. क्वीडो आपल्या यंत्रावर बडवायचा. एक पान टाईप झालं की लुबोरचं हस्ताक्षर चुलीत. नियम एकच होता आणि तो लुबोरने घातला होता, शब्द हलवायचा नाही. मोबदला मांसात. पैसे कुणाच्या नजरेला येतील, डुकराला कोण विचारतो? क्वीडोकडे हिवाळ्यात डुक्कर कापलं की निम्मं स्वातावाच्या फळीवर यायचं, चरबीच्या बरण्या, धुरावलेले तुकडे, रक्ताचे सॉसेज.

खिडकीशी मटार सोलत पहारा करायची क्वीडोची बायको ब्लाझेना. आडवी-उभी बाई, हसली की भांडी वाजायची.

“एकाला लिहिता येतं पण नाव नाही,” ती म्हणायची. “दुसऱ्याला नाव आहे पण लिहिता येत नाही. दोघांचा मिळून एक माणूस होतो. जेवायला मात्र दोन बसतात.”

“मग अर्धं अर्धं वाढ,” लुबोर म्हणायचा.

“तुला अर्धं? तू तर बशी पण चाटून पुसतोस.”

बँडची पटकथा अर्ध्यावर आली होती आणि ब्लाझेना गेली. नोव्हेंबरातली गोष्ट. सकाळी कोंबड्यांना दाणे घालायला म्हणून गेली आणि अंगणातच बसली ती बसलीच. लुबोरला उघडपणे जाता येईना. नाव बंद झालेला माणूस क्वीडोच्या बायकोच्या प्रेतयात्रेत दिसला तर दोन आणि दोन चार करायला कुणाला वेळ लागतो? तो स्मशानाच्या भिंतीपलीकडे, लोखंडी फाटकाशी उभा राहिला. बर्फ आणि पाऊस मिळून तिरपे येत होते. बँडवाल्यांची बोटं गारठली होती, त्यांना गुत्त्यातली शेगडी दिसत होती, त्यामुळे मार्च चांगलाच पळत होता. लुबोरने पाहिलं, शवपेटीमागे चालणारा क्वीडो एकाएकी रांग सोडून पुढे गेला आणि बँडच्या म्होरक्याच्या कानाशी काहीतरी बोलला. म्होरक्याने मान हलवली. बँड हळू झाला. मग सगळे भिंतीआड गेले आणि लुबोर बस पकडायला निघाला.

हिवाळ्यात काम पुन्हा सुरू झालं. पटकथेत एका विधुराचा प्रसंग होता. बायकोच्या खड्ड्याशी उभा राहून तो म्हातारा पानभर बोलतो. ते पान लुबोरचा जीव की प्राण होतं. त्यासाठी त्याने किती कागद चुलीत घातले असतील ते त्याला माहीत. वाचून दाखवताना तो एकेका शब्दावर रेंगाळला. क्वीडोने मुकाट्याने टाईप केलं. यंत्राच्या आवाजाशिवाय खोलीत आवाज नव्हता आणि खिडकीशी कुणी मटार सोलत नव्हतं.

‘ल्होटकाचा बँड’ लागला तेव्हा लुबोर आणि स्वातावा उपनगरातल्या एका थिएटरात तिकीट काढून गेले. पडद्यावर ‘पटकथा : क्वीडो माशेक’ आलं. लुबोरने दात आवळले. बाप पडद्यावर आला, त्याची तुतारी, त्याचं नाक शिंकरणं, सगळं जसंच्या तसं. लुबोरच्या डोळ्यांत पाणी आलं. आता तो आपल्या पानाची वाट बघू लागला.

विधुराचा प्रसंग आला. पाऊस, चिखल, पळणारा बँड. म्हातारा रांग सोडून पुढे गेला, म्होरक्याच्या बाहीला हात लावला आणि म्हणाला, “जरा सावकाश वाजवा. मला घरी जायची घाई नाही.”

बस. पुढचा प्रसंग सुरू. पान गायब.

थिएटर आधी हसलं आणि मग एकदम गप्प झालं. शेजारच्या खुर्चीतल्या धिप्पाड माणसाने रुमाल काढला. स्वातावाने लुबोरचा हात धरला.

“हे तुला कसं रे सुचलं?” ती कुजबुजली.

“माझं नाही ते,” लुबोर म्हणाला. त्याच्या कानशिलांतून वाफा निघत होत्या. “त्या गाढवाने घुसडलंय.”

स्वातावाने डोळे पुसले. मग म्हणाली, “गाढव बरं लिहितो की.”

हे वाक्य तिला लुबोरने कधी माफ केलं नाही. पुढच्या शनिवारी तो क्वीडोच्या घरी गेला तोच भडकून. दारात बूट काढून सपाता घालायचीही शुद्ध नव्हती, चिखलाचे पाय घेऊन आत शिरला.

“काय ठरलं होतं आपलं? शब्द हलवायचा नाही.”

“एकच हलवला,” क्वीडो म्हणाला.

“एक? अख्खं पान खाल्लंस माझं. तू कौलं घाल, भिंतीला हात लावू नको. ते तुझं काम नव्हे.”

“बरं.”

“बरं काय बरं? काही कळतं का तुला त्यातलं?”

क्वीडोने फडकं घेतलं आणि गुडघ्यावर बसून फरशीवरचा चिखल पुसायला लागला. “पुन्हा नाही करणार,” तो म्हणाला, आणि खरंच पुन्हा कधी केलं नाही. आणखी चार पटकथा झाल्या. शब्दाला शब्द तसाच उतरवला त्याने. त्या चारही आल्या तशा गेल्या.

आणि ते वाक्य? ते गावभर झालं. गुत्ता बंद व्हायच्या वेळी शेवटचा पेला मागणारा म्हणायचा, जरा सावकाश, मला घरी जायची घाई नाही. ट्राम रखडली की कुणीतरी म्हणायचं. लग्नात म्हणायचे, वरातीत म्हणायचे, डॉक्टरकडे इंजेक्शन घेताना म्हणायचे. लाँड्रीच्या रांगेतली एक म्हातारी एकदा लुबोरलाच म्हणाली, “सावकाश शोधा हो चादर, मला घरी जायची घाई नाही.” आणि पोट धरून हसली. लुबोरने तिची चादर फळीवर आपटली.

मग एकोणनव्वद सालचे ते थंडीचे दिवस आले, चौकात लाखभर लोक जमून राज्यकर्त्यांना ‘चालते व्हा’ म्हणून किल्ल्या खुळखुळवत होते आणि खुर्च्यांवरचे लोक खुर्च्या सोडत होते. लुबोर साठीला टेकला होता. त्याला वाटलं, झालं, आता माझं नाव मला मिळणार.

स्टुडिओत नवी समिती बसली होती. टेबल तेच होतं. मागे एक दाढीवाला तरुण.

“शेबेस्ता साहेब, रागावू नका,” तो म्हणाला. “पण गेल्या वीस वर्षांत स्वतःच्या नावाने लिहिणारा एकही माणूस या देशात नव्हता असं दिसतंय. रोज कुणीतरी येऊन सांगतो, ते मी लिहिलं, हे मी लिहिलं. एका चित्रपटाला सध्या तीन बाप आहेत. तुमच्याकडे पुरावा काय?”

“चुलीत गेला.”

“सगळ्यांचा चुलीतच गेलाय. ज्यांची सही आहे त्यांनी येऊन सांगितलं तर बघू. आणि तुमची ही नवी पटकथा वाचली. चांगली आहे. पण माशेकची नक्कल वाटते हो. माशेकचं हे असलं आम्ही लहानपणी पाहिलंय.”

लुबोर पटकथा काखेत मारून जिना उतरला. आपल्याच सावलीने आपल्याला ढकलून द्यावं तसं झालं. आता जगात एकच माणूस होता जो त्याला त्याचं नाव देऊ शकत होता.

क्वीडो गावीच राहत होता. ससे पाळले होते. ‘हो’ म्हणणाऱ्यांची नावं आता सगळ्यांना एकाएकी आठवली होती, गावातले लोक त्याच्या नमस्काराला उत्तर देत नव्हते. त्यात कालपर्यंत लाल झेंड्याखाली पहिल्या रांगेत चालणारेही होते, पण ते असो. क्वीडोने लुबोरपुढे सपाता ठेवल्या, चहात रम ओतली.

“मी येऊन सांगतो,” लुबोरने पुरतं विचारायच्या आतच तो म्हणाला. “केव्हा येऊ?”

लुबोर भांडायच्या तयारीने आला होता. त्याने चहा एका दमात संपवला.

“सगळं सांगतो. तू लिहिलंस, मी फक्त टाईप केलं. एक मात्र कर. ते एक वाक्य माझं आहे, एवढं सांगत जा. कुणी विचारलं तरच. तू होऊन नको.”

“एका वाक्याचं एवढं काय?”

“मी ते लिहिलं नाही रे,” क्वीडो म्हणाला. “मी ते बोललो होतो. ब्लाझेनाला नेत होते तेव्हा. बँडवाले पळत सुटले होते आणि माझ्या मनात आलं, आता ही खड्ड्यात जाईल, हे सगळे गुत्त्यात जातील आणि मला त्या घरी जावं लागेल. तर म्होरक्याला म्हटलं, जरा सावकाश. नंतर तुझं पान टाईप तर केलं, पण स्टुडिओत द्यायला हात होईना. चांगलंच होतं ते पान. पण बायको गेल्यावर माणूस एवढं बोलत नाही.”

लुबोरला फाटक आठवलं, तिरपा पाऊस आठवला, म्होरक्याच्या कानाशी वाकलेला क्वीडो आठवला. डोळ्यांनी पाहिलेली गोष्ट, आणि इतकी वर्षं डोक्यात शिरली नव्हती.

“ते तुझंच,” तो म्हणाला. “वचन.”

“हात दे.”

लुबोरने हात दिला. घरी येऊन त्याने स्वातावाला सगळं सांगितलं, वचनासकट. ती ओट्याशी उभी राहून रडली. “बिचारा. एवढंच मागितलं त्याने,” ती म्हणाली.

क्वीडो काळा सूट घालून समितीपुढे आला. बायकोच्या वेळचाच सूट होता तो, अंगावर ढगळ झालेला. “मी टाईप केलं. बाकी सगळं याचं,” म्हणाला आणि बसला. आपण केवढा धोका पत्करला होता, पकडलो असतो तर काय झालं असतं, यातलं एक अक्षर नाही. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी त्याला बांडगूळ म्हटलं. वीस वर्षं दुसऱ्याच्या रक्तावर जगलेलं बांडगूळ. हे खोडून काढायचं काम एकट्या लुबोरचं होतं आणि त्याच्या ते मनातही होतं. पण मुलाखती छोट्या असायच्या, वेळ कमी पडायचा, विचारणाऱ्यांना लाँड्रीबद्दलच ऐकायचं असायचं. पुढच्या मुलाखतीत सांगू, असं म्हणता म्हणता थंडी आली आणि क्वीडो गेला.

प्रेतयात्रेच्या दिवशी लुबोरचं रेडिओवर रेकॉर्डिंग होतं. स्वातावा एकटी जाऊन आली. ओला कोट खुंटीला लावत म्हणाली, “सातआठ माणसं होती. बँड नव्हता. टेपरेकॉर्डर लावला होता कुणीतरी.”

“हं.”

“तो सावकाश वाजवता येत नाही,” ती म्हणाली, आणि बटाटे सोलायला बसली.

वसंतात ल्होटकाच्या लोकांनी लुबोरला बोलावलं. गावच्या सभागृहात रविवारी दुपारी ‘ल्होटकाचा बँड’ दाखवायचा, नंतर लेखकाशी गप्पा. फिल्म क्लब चालवणारा शाळामास्तर बसथांब्यावर घ्यायला आला होता. गर्दी दांडगी. कोट काढून द्यायच्या खिडकीपुढे रांग, आत अंडं आणि लोणच्याची काकडी लावलेले पावाचे तुकडे. स्वातावा पहिल्या रांगेत बसली. दिवे गेले आणि पडद्यावर नवी पाटी आली, ‘पटकथा : लुबोर शेबेस्ता’. लोकांनी टाळ्या वाजवल्या. लुबोरने आयुष्यभर ज्याची वाट पाहिली ते हे. बापाच्या गावात, बापाचं नाव, भिंतीएवढ्या अक्षरांत.

मग चित्रपट चालू झाला. आणि लुबोरच्या लक्षात एक गोष्ट यायला लागली. लोक चित्रपट बघत नव्हते, वाट बघत होते. बाप नाक शिंकरून गेला, कुणी हसलं नाही. त्याला जे विनोद आवडायचे त्यांच्यावर कागदी पिशव्यांचा आवाज होत राहिला. शेवटी तो पाऊस आला, तो चिखल, तो पळणारा बँड, आणि म्हाताऱ्याने म्होरक्याच्या बाहीला हात लावला. सगळं सभागृह त्याच्याबरोबर एका सुरात म्हणालं, “जरा सावकाश वाजवा. मला घरी जायची घाई नाही.” पोरंटोरंसुद्धा. त्यानंतर खोकले सुरू झाले, काही जण उठून पावाच्या तुकड्यांकडे गेले.

दिवे लागले. मास्तरांनी लुबोरला खुर्चीवर बसवलं. पहिलाच प्रश्न औषधांच्या दुकानातल्या बाईंनी विचारला.

“शेबेस्ता साहेब, माझे वडील गेले तेव्हा आईने तेच वाक्य म्हटलं होतं. आमच्या घरात ते देवाच्या वाक्यासारखं आहे. तुम्हाला ते कुठे सुचलं, एवढंच सांगा.”

सगळे पुढे वाकले. लुबोरने स्वातावाकडे पाहिलं. ती त्याच्याकडे बघून मान हलवत होती, हळूच, सांग ना अशी. सोपं होतं. ते क्वीडो माशेकचं, म्हणायचं. त्याच्या बायकोच्या मागे चालताना तो बोलला. मग या लोकांनी विचारलं असतं, बरं, आणि तुमचं काय? या चित्रपटात तुमचं कुठलं? आणि लुबोरने काय सांगितलं असतं? नाक शिंकरणं?

“इथेच सुचलं,” लुबोर म्हणाला. “याच गावात. मी वडिलांच्या मागे स्वरांचे कागद धरून चालायचो. एक म्हातारा होता, सुतार, एका डोळ्याने अधू. त्याची बायको गेली त्या दिवशी गारा पडत होत्या. त्याने माझ्या वडिलांच्या बाहीला हात लावला...”

सुंदर सांगितलं त्याने. सुतार उभा केला, गारा उभ्या केल्या, बाहीवरचं बटण उभं केलं. अख्खा सुतार खोटा होता, पण तीन भावांसारखाच वाक्याला हवा तेवढा होता. बाईंनी डोळे टिपले. मागून एक म्हातारा ओरडून म्हणाला की त्याला तो सुतार चांगला आठवतो. टाळ्या थांबेनात.

त्या टाळ्यांतच स्वातावा उठली. तिने मागे पाहिलं नाही. दारातून दिसलं, तिने खिडकीतून आपला कोट घेतला आणि घालायच्या आतच बाहेर पडली.

लुबोरने आणखी बऱ्याच प्रश्नांची उत्तरं दिली, पुष्कळ पोस्टरांवर सह्या केल्या. प्रत्येकाला सहीखाली तेच वाक्य लिहून हवं होतं. त्याने सगळ्यांना लिहून दिलं. तो बाहेर आला तेव्हा खिडकीत त्याचा एकट्याचा कोट लटकत होता.

“बाईसाहेब बसने पुढे गेल्या वाटतं,” मास्तर किल्ल्या काढत म्हणाले. “मी विचारलं, थांबत नाही का, तर सरळ थांब्याकडे चालू लागल्या. चला, माझी गाडी आहे. तासाभरात प्रागला घरी सोडतो तुम्हाला.”

लुबोरने कोटात एक हात घातला. दुसरी बाही काही केल्या सापडेना. मास्तरांनी ती धरून दिली.

“नको,” तो म्हणाला. “मला घरी जायची घाई नाही.”

मास्तर क्षणभर थबकले आणि मग खो खो हसत सुटले. हसता हसता त्यांनी लुबोरच्या पाठीवर थाप मारली आणि दारात रेंगाळणाऱ्या लोकांकडे वळून म्हणाले, “ऐकलंत का, काय म्हणाले ते?”